राजाजींनी निष्ठा मोडली काय?

चक्रवर्ती राजगोपालाचारी म्हणजे स्वतंत्र भारताचे एकमेव भारतीय गव्हर्नर जनरल, गांधीजींचे व्याही आणि रामायण-महाभारत सोप्या भाषेत घरोघर नेणारे लेखक, एवढी ओळख मराठी वाचकाला असते. त्यांच्या राजकारणाची गोष्ट निघाली की मात्र आदराचा सूर बदलतो. १९४२ साली ऐन लढ्याच्या तोंडावर त्यांनी काँग्रेस सोडली, १९४५ साली परत आले, १९५७ साली पुन्हा बाहेर पडले आणि १९५९ साली मद्रासमध्ये स्वतंत्र पक्षाची घोषणा केली. १९६७ साली त्यांनी द्रविड मुन्नेत्र कळघमशी युती केली आणि १९७१ साली ती टाकून जुने प्रतिस्पर्धी कामराज यांच्याशी हातमिळवणी केली. ही यादी एका दमात वाचून दाखवली की निकाल लागलाच असे मानले जाते: माणूस बुद्धिमान खरा, पण निष्ठेचा कच्चा.

गेल्या काही वर्षांत या निकालाला एक उलटी बाजूही फुटली आहे. आमदारांचे गट इकडून तिकडे गेले की त्यांचे समर्थक सांगतात, मोठमोठ्यांनीही पक्ष सोडले होते, राजाजींनी काय केले? एक जण राजाजींना दोष देण्यासाठी हे उदाहरण घेतो, दुसरा स्वतःचा दोष झाकण्यासाठी. दोघांचे गृहीत मात्र एकच आहे. राजाजींचे पक्ष सोडणे आणि सत्तेसाठी होणारे पक्षांतर हे दोघेही एकाच मापाने मोजतात. मला खोडून काढायचे आहे ते हे गृहीत.

आधी पूर्वपक्ष, तोही त्याच्या पुऱ्या बळानिशी. पहिला आक्षेप वैयक्तिक आकसाचा. १९५० साली राष्ट्रपतिपद राजेंद्र प्रसादांकडे गेले. १९५४ साली मद्रासचे मुख्यमंत्रिपद सोडावे लागले आणि तिथे कामराज बसले. पुढचा सारा काँग्रेसविरोध हा या दुखावलेल्या मनाचा उद्रेक, असे आक्षेपक म्हणतात. दुसरा आक्षेप विसंगतीचा. १९३८ साली प्रांताचे पंतप्रधान असताना याच माणसाने शाळांत हिंदी सक्तीची केली, विरोध करणाऱ्या पेरियारांना तुरुंगात धाडले, आणि पुढे हाच माणूस हिंदीच्या विरोधात उभा राहिला. तिसरा आक्षेप हेतूचा. स्वतंत्र पक्ष हा संस्थानिकांचा, जमीनदारांचा आणि गिरणीमालकांचा पक्ष होता, तत्त्वाची भाषा हा त्यावरचा मुलामा होता. तिन्ही आक्षेपांना काही ना काही आधार आहे, म्हणून प्रत्येकाची शहानिशा केली पाहिजे.

सुरुवात १९४२ पासून करावी लागते, कारण निष्ठाभंगाचा शिक्का पहिल्यांदा तेव्हा बसला. त्या वर्षी एप्रिलच्या सुरुवातीला जपानी विमानांनी कोलंबोवर आणि लगोलग विशाखापट्टणम व काकीनाड्यावर बाँब टाकले. मद्रास शहरात धावाधाव झाली. लोक मिळेल त्या गाडीने गावी निघाले, सरकारने आपल्या कचेऱ्या समुद्रापासून दूर आत हलवल्या. शहराला वाऱ्यावर सोडणारे सरकार राजाजींनी डोळ्यांदेखत पाहिले. त्यांचे म्हणणे असे पडले की संरक्षणासाठी तातडीने राष्ट्रीय सरकार हवे, त्यासाठी मुस्लिम लीगशी समझोता हवा, आणि त्याची किंमत म्हणून लीगची वेगळेपणाची मागणी तत्त्वतः मान्य करावी लागली तरी चालेल. एप्रिलच्या अखेरीस मद्रासच्या काँग्रेस आमदारांकडून त्यांनी तसा ठराव करून घेतला. अलाहाबादच्या अखिल भारतीय काँग्रेस समितीत तो १२० विरुद्ध १५ मतांनी पडला.

मते इतकी विरुद्ध गेल्यावर माणसाला दोन वाटा असतात: गप्प बसणे किंवा आत राहून गट बांधणे. राजाजींनी दोन्ही टाळल्या, ते गावोगाव फिरून आपले म्हणणे मांडत राहिले. मुंबईत माटुंग्याच्या सभेत त्यांच्या अंगावर डांबर फेकण्यात आले. तेव्हा गांधीजींनी त्यांना सुचवले की काँग्रेसशी संबंध तोडून मग हा प्रचार मोकळेपणाने करणे तुम्हाला अधिक शोभेल. जुलै १९४२ मध्ये राजाजींनी काँग्रेसचे सदस्यत्व सोडले आणि त्याबरोबर मद्रास विधिमंडळातली आपली जागाही सोडली. या दुसऱ्या राजीनाम्याचा उल्लेख आक्षेपकांच्या यादीत सहसा नसतो, आणि सगळा फरक तर तिथेच आहे. काँग्रेसच्या नावावर मिळालेली जागा काँग्रेसशी मतभेद झाल्यावर त्यांनी आपल्याकडे ठेवली नाही. नव्या पक्षाची वाट त्यांच्यासमोर नव्हती, मंत्रिपदाचे आमिष नव्हते. होती ती लोकांची नाराजी, कारण ‘छोडो भारत’ला त्यांचा विरोध होता आणि जवळचे सगळे सहकारी तुरुंगात होते.

त्यांचे मत बरोबर होते का, हा वेगळा वाद आहे. लीगला तत्त्वतः मान्यता देण्याने लीगचा आत्मविश्वास वाढला, असे म्हणणाऱ्यांशी वाद घालणे सोपे नाही. प्रश्न निष्ठेचा आहे, आणि त्याबाबत पुढचा क्रम बोलका आहे. १९४३ साली गांधीजींनी पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये स्थानबद्धतेत असताना उपोषण केले, तेव्हा राजाजी त्यांना भेटले, आपला तोडग्याचा मसुदा त्यांच्यापुढे ठेवला आणि त्यांची संमती घेतली. सप्टेंबर १९४४ मध्ये गांधीजी मुंबईत मलबार हिलवर जिनांशी बोलायला गेले ते हाच मसुदा आधाराला घेऊन. ज्या विचारासाठी राजाजी बाहेर पडले, तो दोन वर्षांत खुद्द गांधीजींच्या हाती होता. बाहेर पडताना त्यांनी गांधीजींकडे पाठ फिरवली असती, तर हे घडले नसते.

१९४२ची किंमत त्यांना पुढे मोजावी लागली, आणि इथे आकसाचा पहिला पुरावा कोसळतो. राष्ट्रपतिपद हुकल्याने राजाजी नेहरूंवर रुष्ट झाले, असे सांगतात. वस्तुस्थिती अशी की नेहरूंना राष्ट्रपतिपदी राजाजीच हवे होते. विरोध झाला तो काँग्रेस पक्षाच्या आतून, आणि ‘छोडो भारत’च्या वेळी हा माणूस बाहेर होता ही सल त्यामागे होती. ज्याने आपल्यासाठी आग्रह धरला त्याच्यावर राग धरण्याचे कारण काय? उलट डिसेंबर १९५० मध्ये वल्लभभाई गेल्यावर त्याच नेहरूंच्या मंत्रिमंडळात राजाजी गृहमंत्री झाले.

राहिला कामराज यांच्यावरचा राग. दोघांत स्पर्धा होती आणि ती जुनी होती, हे नाकारण्यात अर्थ नाही. पण काँग्रेसच्या आर्थिक धोरणाला राजाजींचा विरोध १९५४ नंतर उपजला असेल, तरच आकसाचा तर्क टिकेल. तारखा तसे म्हणत नाहीत. १९५२ साली मुख्यमंत्री होताच काही आठवड्यांत त्यांनी मद्रास राज्यातली धान्यावरची नियंत्रणे आणि शिधावाटप उठवले. तेव्हा ते काँग्रेसचेच मुख्यमंत्री होते, कामराज यांच्याशी निर्णायक फाटायला अजून वेळ होता, आणि नियंत्रण हे शासनाचे रोजचे हत्यार होऊ नये हे मत त्यांनी बोलून नव्हे, अंमलात आणून दाखवले होते. पुढे ‘स्वराज्य’ साप्ताहिकातून परवाना, परमिट आणि कोटा यांच्या राज्यावर त्यांनी जो मारा केला, त्याचे बीज इथे आहे. जानेवारी १९५९ मध्ये काँग्रेसच्या नागपूर अधिवेशनात संयुक्त सहकारी शेतीचा ठराव झाला आणि त्या माऱ्याला पक्षाचे रूप आले. ४ जून १९५९ रोजी मद्रासमध्ये मिनू मसानी, प्रा. एन. जी. रंगा आणि इतर सहकाऱ्यांसह स्वतंत्र पक्षाची घोषणा झाली, आणि ऑगस्टमध्ये मुंबईत पहिले अधिवेशन भरले.

आकसाच्या तर्काला सर्वांत मोठा धक्का १९७१ साल देते. कामराज यांचा द्वेष हेच राजाजींच्या राजकारणाचे इंजिन असते, तर त्या वर्षी ते कामराज यांच्या संघटना काँग्रेसबरोबर उभे राहिलेच नसते. तेव्हा द्रमुक सत्तेवर होता, इंदिरा गांधींशी त्याची युती होती, वारे कुणीकडे वाहते हे आंधळ्यालाही दिसत होते. ब्याण्णव वर्षांचा माणूस ज्याचा राग करतो असे म्हणतात, त्याच्याच शेजारी उभा राहिला आणि त्याच्याबरोबर हरला. स्वतंत्र पक्ष लोकसभेत ४४ जागांवरून ८ जागांवर आला. संधी साधणारा माणूस अशी संधी साधत नाही.

आता विसंगतीचा आक्षेप. हिंदीबाबत राजाजींनी मत बदलले, हे खरे आहे. १९३८ची सक्ती चूक होती आणि तिने तमिळ मनात जी जखम केली ती अजून भरलेली नाही. पण मत बदलणे आणि पक्ष बदलून पद मिळवणे यांत अंतर आहे. हिंदी लादली तर संघराज्य दुभंगेल, असे ते पन्नाशीच्या दशकातच जाहीरपणे बोलत होते. द्रमुकशी युती झाली ती त्यानंतर बऱ्याच वर्षांनी. ज्या बाबतीत मत बदलले नाही, तिथे त्यांनी जुन्या मित्रालाही सोडले नाही. १ ऑक्टोबर १९३७ रोजी त्यांनी सेलम जिल्ह्यात दारूबंदी सुरू केली. १९७१ साली द्रमुक सरकारने राज्यातली दारूबंदी उठवायचे ठरवले, तेव्हा हा वृद्ध माणूस मुख्यमंत्री करुणानिधींच्या गोपालपुरमच्या घरी गेला आणि तसे करू नका म्हणून विनवणी केली. भर पावसात ते गेले होते, असे चेन्नईत आजही सांगतात. विनवणीचा उपयोग झाला नाही. १९३७ आणि १९७१ यांच्यामध्ये चौतीस वर्षे, दोन वेळा सोडलेली काँग्रेस, एक नवा पक्ष आणि दोन युत्या आहेत. मागणी मात्र शब्दशः तीच आहे. पक्ष हे त्यांच्यासाठी मत मांडायचे साधन होते, आणि म्हणून साधन बदलताना मत बदलायची गरज त्यांना पडली नाही.

१९६७च्या युतीतूनही त्यांच्या पदरात काही पडले नाही. मद्रास विधानसभेच्या २३४ पैकी १३७ जागा द्रमुकने एकट्याने जिंकल्या. विरुधुनगरमध्ये खुद्द कामराज एका विद्यार्थी नेत्याकडून पडले. अण्णादुराईंच्या मंत्रिमंडळात स्वतंत्र पक्षाला जागा नव्हती. १९५४ नंतर मरेपर्यंत, म्हणजे २५ डिसेंबर १९७२ पर्यंत, राजाजींनी कोणतेही सत्तापद घेतले नाही. आपण काढलेल्या पक्षाचे अध्यक्षपददेखील त्यांनी रंगांकडे दिले.

तिसरा आक्षेप सर्वांत वजनदार आहे. स्वतंत्र पक्षात संस्थानिक होते आणि पुष्कळ होते. जयपूरच्या गायत्रीदेवी होत्या, ओडिशाचे आर. एन. सिंगदेव होते, बिहारात रामगडचे राजे कामाख्या नारायण सिंह होते. उद्योगपतींच्या देणग्याही पक्षाला मिळाल्या. पण टाटांनी काँग्रेसलाही देणगी दिली होती, आणि परवाने ज्यांच्या हाती होते त्या पक्षाशी जुळवून घेण्यात बहुतेक उद्योगपतींचा फायदा अधिक होता. रंगा हे आंध्रातले शेतकरी नेते होते, आणि नागपूर ठरावाने सर्वांत धास्तावला होता तो कसणारा मध्यम शेतकरी. महाराष्ट्रात पुढे शरद जोशींनी १९९४ साली स्वतंत्र भारत पक्ष काढला, तेव्हा शेतकऱ्याच्या स्वातंत्र्याचा हाच धागा त्यांनी पुन्हा उचलला. त्यांच्या सभांना जमणारे कांदा आणि कापूस पिकवणारे लोक संस्थानिक नव्हते.

या पक्षाची एक गोष्ट जवळून पाहण्यासारखी आहे. त्याची एकवीस मूलतत्त्वे होती. त्यातल्या शेवटच्या तत्त्वाने सदस्यांना मोकळीक दिली होती की जे प्रश्न या मूलतत्त्वांत येत नाहीत, त्यांवर प्रत्येकाने आपापले मत बाळगावे आणि मांडावे. पक्षाच्या घटनेतच मतभेदाला जागा. दारूबंदीचे कडवे समर्थक राजाजी आणि दारूबंदी न मानणारे मुंबईचे उदारमतवादी एकाच पक्षात राहू शकले ते त्यामुळे. निव्वळ मालमत्ता राखायला जमलेल्या मंडळींना असे कलम लिहायची गरज पडत नाही. काँग्रेसमध्ये श्वास कोंडलेल्या माणसाने नव्या घरात खिडकी आधी ठेवली.

म्हणजे राजाजी निर्दोष का? मुळीच नाही. त्यांच्यावर ठपका ठेवायचाच, तर तो योग्य ठिकाणी ठेवला पाहिजे. १९५२च्या निवडणुकीत मद्रासच्या ३७५ जागांपैकी काँग्रेसला १५२ मिळाल्या. लोकांनी बहुमत दिले नव्हते. राज्यपाल श्रीप्रकाश यांनी तरीही राजाजींना पाचारण केले. राजाजींनी निवडणूक लढवलीच नव्हती, त्यांना विधान परिषदेवर नियुक्त करून मुख्यमंत्री करण्यात आले. काँग्रेसविरोधात निवडून आलेल्या कॉमनवील पक्षाचे माणिक्कवेलू नायकर मंत्री झाले आणि सरकारची बेरीज जुळली. मतदाराचा कौल नंतर फिरवण्याचा हा प्रकार आजच्या महाराष्ट्राला ओळखीचा वाटेल. पुढच्याच वर्षी, ज्याबद्दल मतदाराला काही सांगितले नव्हते, अशी शिक्षण योजना त्यांनी आणली. खेड्यातल्या मुलाने अर्धा वेळ शाळेत बसावे आणि उरलेला वेळ बापाचा धंदा शिकावा. जातीने ठरवलेला धंदा शाळेच्या वेळापत्रकात बसवणारी ही योजना होती. फुले-आंबेडकरांच्या महाराष्ट्रात तिचे समर्थन होऊ शकत नाही, आणि तमिळ समाजाने ती हाणून पाडली हे योग्यच झाले.

पण या दोन्ही गोष्टी त्यांनी काँग्रेसमध्ये राहून केल्या. इथे प्रचलित मताची मोठी चूक उघडी पडते. पक्ष सोडणे म्हणजे बेइमानी आणि पक्षात राहणे म्हणजे इमान, असे समीकरण धरले की १९५२चा व्यवहार निष्ठेच्या खात्यात जमा होतो आणि १९४२चा त्याग द्रोहाच्या. मतदाराच्या बाजूने हिशेब मांडला, तर नेमके उलट दिसते.

इतरांशी ताडून पाहू. नागपूरच्या अधिवेशनातच चौधरी चरणसिंहांनी सहकारी शेतीला कडाडून विरोध केला होता. ते काँग्रेसमध्ये राहिले, आणि एप्रिल १९६७ मध्ये आपल्या गटासह बाहेर पडून काही दिवसांत उत्तर प्रदेशचे मुख्यमंत्री झाले. ब्रिटनचे पंतप्रधान रॅम्से मॅक्डोनाल्ड आपल्याला १९३२च्या जातीय निवाड्यामुळे ठाऊक आहेत. त्याआधी १९३१ साली त्यांनी मजूर पक्षाला मागे टाकून विरोधकांबरोबर राष्ट्रीय सरकार बनवले. त्यांचा पक्षही त्यांना द्रोही म्हणाला. कदाचित मॅक्डोनाल्डही प्रामाणिक असतील. पण पक्षापासून दूर गेल्यावर ते पंतप्रधानपदी राहिले, आणि त्यांच्या प्रामाणिकपणावरचा संशय त्यामुळेच कधी मिटला नाही. चरणसिंह आणि मॅक्डोनाल्ड यांच्याबाबत हेतूचा अंदाज बांधावा लागतो. राजाजींच्या बाबतीत तो बांधावा लागत नाही, कारण जाताना त्यांनी घेतले काहीच नाही.

आपल्याकडे पक्षांतराचा पद्धतशीर अभ्यासही एका मराठी माणसाच्या अध्यक्षतेखाली झाला. १९६७च्या निवडणुकीनंतर पक्षांतरांची लाट आली, तेव्हा गृहमंत्री यशवंतराव चव्हाण यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. समितीपुढे आलेल्या माहितीत वर्षभरातली ४३८ पक्षांतरे होती, आणि निरनिराळ्या राज्यांतल्या २१० पक्षांतरित आमदारांपैकी ११६ जण मंत्री झाले होते. निम्म्याहून अधिक! रोगाचे निदान या एका आकड्यात आहे: पक्ष सोडणे आणि पद मिळणे यांची गाठ. पण १९८५ साली घटनेत दहावे परिशिष्ट आले, ते या गाठीवर घाव घालण्याऐवजी संख्या मोजत बसले. एक तृतीयांश फुटले तर चालेल, अशी सवलत आधी होती, ती २००३ साली गेली. दोन तृतीयांशांच्या विलीनीकरणाची सवलत मात्र कायम राहिली. एकटा सदस्य विवेकाला स्मरून पक्षादेशाविरुद्ध मत देईल तर त्याचे सदस्यत्व जाते, आणि घाऊक संख्येने गेलेले सुरक्षित राहू शकतात. अलाहाबादच्या १२० विरुद्ध १५ मधला एकाकी माणूस या कायद्याच्या नजरेत अधिक मोठा गुन्हेगार ठरेल.

माझा सिद्धान्त असा. राजकारणी माणसाची निष्ठा मोजायची ती जाहीर केलेल्या मताशी आणि मत देणाऱ्याशी. पक्ष सोडणाऱ्याला तीन प्रश्न विचारावेत. जे कारण तू आज सांगतोस, ते तू पक्षात असताना, पद हातात असताना बोलला होतास का? जुन्या पक्षाच्या नावावर मिळालेली जागा तू परत केलीस का? आणि गेल्यावर तुझ्या हाती काय आले? या कसोटीवर १९४२चे राजाजी उतरतात. १९५९चे राजाजी उतरतात, त्यांच्याकडे परत करायला जागा नव्हती आणि मिळवायचे पद त्यांनी ठेवले नव्हते. १९५२चे राजाजी उतरत नाहीत, आणि हे सांगायला त्यांच्या चाहत्यांनी कचरू नये. चेन्नईत राज्य सचिवालयासमोरचा रस्ता आज राजाजींच्या नावाने आहे. त्या रस्त्यावरून सत्तेत जाणारे सगळ्या पक्षांचे आहेत, तेव्हा नाव देऊन कोणी त्यांच्या मताला मान्यता दिली असे होत नाही. मान्यता द्यायची ती त्यांच्या पद्धतीला: आधी बोलावे, मग जागा सोडावी, मग लोकांपुढे जावे.

महाराष्ट्रातल्या मतदाराने गेल्या काही वर्षांत पक्ष फुटताना पाहिले, चिन्हे कोर्टात गेलेली पाहिली. त्याला दोन टोकांची उत्तरे मिळतात. एक म्हणतो, पक्ष सोडणारा प्रत्येक जण गद्दार. दुसरा म्हणतो, राजकारणात असे चालतेच. दोन्ही उत्तरे विचार करायचे कष्ट वाचवतात. पहिल्याने विवेकाने बाहेर पडणाऱ्याचा मार्ग बंद होतो, दुसऱ्याने बाजार मोकळा होतो. या दोहोंमधली वाट राजाजींनी १९४२च्या जुलैमध्ये चालून दाखवली आहे. त्यांचे नाव पुढे करून पक्ष सोडणाऱ्याने आधी आपल्या आमदारकीच्या राजीनाम्याचा कागद दाखवावा.